बिल मॅक्रॅकन आणि तीन माणसांचा नियम

फुटबॉलच्या सामन्यात प्रेक्षकांचा सर्वाधिक हिरमोड कशाने होत असेल, तर तो ऑफसाइडच्या शिट्टीने. चेंडू जाळ्यात गेलेला असतो, टाळ्यांचा कडकडाट सुरू झालेला असतो आणि तेवढ्यात रेषेवरील पंचाचा झेंडा वर झालेला दिसतो. झालेला गोल रद्द होतो. मडगावचे मैदान असो वा मँचेस्टरचे, हा नियम सर्वत्र एकच आहे. आणि त्यावरून प्रेक्षकांत उठणारे वादही थोड्याफार फरकाने सारखेच असतात. तथापि या नियमाचे स्वरूप मुळापासून आजच्यासारखे नव्हते. १९२५ सालच्या जून महिन्यात त्यातील एक आकडा बदलला गेला. तीनच्या जागी दोन आले. कागदावर पाहिले तर बदल एवढासाच. परंतु त्याने खेळाचा सारा चेहरामोहरा पालटून टाकला. या बदलाला जी थोडी माणसे कारणीभूत झाली, त्यांत अग्रभागी नाव घेतले जाते ते बेलफास्टच्या बिल मॅक्रॅकन या आयरिश फुलबॅकचे.

नियम करणाऱ्यांची नावे दप्तरात राहतात. ज्याच्यामुळे नियम बदलावा लागला, त्याची आठवण मात्र क्वचितच ठेवली जाते. मॅक्रॅकनने कोणताही नियम मोडला नव्हता. त्याने तो इतक्या काटेकोरपणे पाळला की, नियम करणाऱ्यांनाच त्यातील उणीव डोळ्यांत खुपू लागली. त्याच्या दीर्घ कारकीर्दीचे खरे महत्त्व या ठिकाणी आहे.

विल्यम रॉबर्ट मॅक्रॅकन याचा जन्म २९ जानेवारी १८८३ रोजी बेलफास्ट येथे झाला. त्या काळी आयर्लंडची फाळणी झालेली नव्हती. सारे बेट ब्रिटिश सत्तेखाली होते आणि फुटबॉलपुरते पाहिले तर बेलफास्ट हीच त्याची राजधानी होती. आयरिश फुटबॉल असोसिएशनची स्थापना १८८० साली याच शहरात झाली. त्यानंतर दोन वर्षांनी, १८ फेब्रुवारी १८८२ रोजी, आयर्लंडचा संघ आपला पहिला आंतरराष्ट्रीय सामना इंग्लंडविरुद्ध बेलफास्टमध्येच खेळला आणि तेरा विरुद्ध शून्य अशा गोलफरकाने हरला. १८८४ पासून इंग्लंड, स्कॉटलंड, वेल्स आणि आयर्लंड या चार देशांची स्पर्धा दरवर्षी होऊ लागली. तीत आयर्लंडच्या वाट्याला बहुधा पराभवच येत असे. इंग्लंडला एकदा तरी हरवण्यासाठी आयरिश जनतेला १९१३ सालापर्यंत, म्हणजे तब्बल एकतीस वर्षे, वाट पाहावी लागली. ज्या संघावर प्रतिपक्षाचे आक्रमण सतत होत राहते, त्या संघाला चांगल्या बचावाचे मोल अधिक कळते. मॅक्रॅकन घडला तो अशा वातावरणात.

बेलफास्टमधील डिस्टिलरी या क्लबातून तो पुढे आला. व्हिस्कीच्या एका कारखान्याशी संबंध असलेल्या लोकांनी काढलेला हा क्लब त्या काळी आयर्लंडमधील अग्रगण्य क्लबांपैकी एक होता. मॅक्रॅकन अवघा एकोणीस वर्षांचा असताना, १९०२ साली, आयर्लंडच्या राष्ट्रीय संघात त्याची निवड झाली. दोन वर्षांनी, १९०४ साली, इंग्लंडच्या ईशान्य भागातील न्यूकॅसल युनायटेड या व्यावसायिक क्लबाने त्याला आपल्याकडे घेतले. तेथे तो गेला आणि पुढील एकोणीस वर्षे तेथेच राहिला.

कोळशाच्या खाणी आणि जहाजबांधणीचे कारखाने यांच्यामुळे भरभराटीस आलेले हे शहर फुटबॉलवेडे होते. त्या दशकातील न्यूकॅसलचा संघ इंग्लंडमधील सर्वोत्कृष्ट संघ म्हणून ओळखला जाई. १९०५, १९०७ आणि १९०९ अशा तीन वर्षी त्याने लीगचे विजेतेपद मिळवले. चेंडू उगाच लांब भिरकावून त्याच्यामागे धावत सुटण्यापेक्षा, आखूड आणि अचूक पास देत, विचारपूर्वक खेळणे ही त्याची रीत होती. इंग्लिश कपाच्या अंतिम सामन्यात मॅक्रॅकन तीनदा खेळला. १९०८ मध्ये वुल्व्हरहॅम्प्टनने आणि १९११ मध्ये ब्रॅडफर्ड सिटीने न्यूकॅसलला हरवले. पण १९१० साली बार्न्सलीविरुद्ध पहिला सामना बरोबरीत सुटल्यावर दुसऱ्या सामन्यात न्यूकॅसलने कप जिंकला. मॅक्रॅकनने या क्लबातर्फे एकूण ४३२ सामने खेळले, त्यांपैकी ३७७ लीगचे होते. साऱ्या कारकीर्दीत त्याच्या नावावर गोल चढले ते केवळ आठ. गोल करणे हे त्याचे काम नव्हतेच. ते होऊ न देणे हे त्याचे काम होते आणि त्यासाठी त्याने पायांइतकाच डोक्याचाही उपयोग केला.

त्याने काय केले हे समजण्यासाठी ऑफसाइडचा नियम थोडा मागे जाऊन पाहिला पाहिजे. १८६३ साली इंग्लंडमध्ये फुटबॉलचे पहिले समान नियम तयार झाले, तेव्हा चेंडूच्या पुढे असलेला आपल्या बाजूचा प्रत्येक गडी ऑफसाइड मानला जाई. म्हणजे पुढे पास देण्याची सोयच नव्हती. १८६६ साली ही अट सैल झाली. चेंडू पुढे खेळला जाण्याच्या क्षणी, आघाडीचा गडी आणि प्रतिपक्षाची गोलरेषा यांच्या दरम्यान प्रतिपक्षाचे निदान तीन गडी असले, तर त्याला चेंडू घेण्यास मुभा मिळाली. तिघांहून कमी असले तर तो ऑफसाइड. हा नियम पुढे जवळजवळ साठ वर्षे टिकला. १९०७ साली त्यात एवढीच भर पडली की, स्वतःच्या अर्ध्या मैदानात उभा असलेला गडी ऑफसाइड होऊ शकत नाही.

नियमाचा हेतू सरळ होता. एखाद्याने प्रतिपक्षाच्या गोलाशी नुसते दबा धरून बसावे, मागून कोणीतरी लांब चेंडू मारावा आणि त्याने तो जाळ्यात ढकलावा, हा आयत्या बिळावर नागोबा होण्याचा प्रकार घडू नये, यासाठी तो केलेला होता. गोल करणाऱ्याने तो कष्टाने मिळवावा, ही त्यामागील भावना. म्हणजे नियम होता आघाडीच्या लबाडीला आवर घालण्यासाठी. बचाव करणाऱ्यांच्या हातात तो शस्त्र म्हणून जाईल, याची कल्पना नियम करणाऱ्यांना आली नसावी.

आता त्या काळची संघरचना पाहावी. सर्वांत मागे गोलकीपर, त्याच्यापुढे दोन फुलबॅक, त्यांच्यापुढे तीन हाफबॅक आणि आघाडीला पाच फॉरवर्ड, अशी मांडणी सर्वत्र रूढ होती. गोलकीपर आणि दोन फुलबॅक मिळून होतात तीन. नियमातील आकडाही तीनच. या दोन आकड्यांच्या मेळात साऱ्या डावाचे बीज होते.

समजा, प्रतिपक्षाचा सेंटर फॉरवर्ड चेंडूची वाट पाहत उभा आहे आणि त्याच्यापुढे गोलकीपर व दोन्ही फुलबॅक असे तिघे आहेत. तो नियमात आहे. त्याचा सोबती चेंडूला पाय लावणार, एवढ्यात दोघांपैकी एक फुलबॅक चार पावले पुढे सरकतो आणि त्या फॉरवर्डला मागे टाकतो. आता फॉरवर्ड आणि गोलरेषा यांच्या दरम्यान उरले दोघेच. फॉरवर्ड जागचा हललाही नाही, त्याने काही चूकही केली नाही. तरी तो ऑफसाइड झाला. पंचाला शिट्टी वाजवावीच लागते. आट्यापाट्यांच्या खेळात पाटीवरचा गडी जसा नेमक्या क्षणी रेषेवरून झेप घेतो, तसाच हा क्षणाचा खेळ होता. एक क्षण आधी पुढे आले, तर फॉरवर्ड सावध होऊन स्वतःही मागे सरकणार. एक क्षण उशीर झाला, तर चेंडू निघून गेलेला असणार.

या डावातील सर्वांत मोठी सोय अशी होती की, त्यात धोका फारसा नव्हता. पुढे सरकणाऱ्याचा अंदाज चुकला, तरी दुसरा फुलबॅक आणि गोलकीपर मागे होतेच. म्हणजे जाळे टाकावे आणि मासा निसटला तरी दुसरे जाळे तयार असावे, असा हा प्रकार होता. ज्या फुलबॅकला प्रतिपक्षाची चाल आधी ओळखता येते आणि ज्याचा आपल्या जोडीदाराशी मुकाट्याने मेळ बसलेला असतो, त्याच्या हातात या नियमाने मोठेच हत्यार दिले होते.

हा डाव मॅक्रॅकनने एकट्याने शोधून काढला असे म्हणणे बरोबर होणार नाही. नॉट्स काउंटी या क्लबाचे मॉर्ली आणि माँटगोमेरी हे फुलबॅक तो पद्धतशीरपणे खेळत असत आणि आरंभीचे श्रेय त्यांना दिले जाते. परंतु त्या डावाला शास्त्राचे रूप दिले ते मॅक्रॅकनने. पुढील काळात फ्रँक हडस्पेथ हा त्याचा जोडीदार झाला आणि या जोडीचे नाव ऑफसाइडच्या सापळ्याशी कायमचे जोडले गेले. न्यूकॅसलचे फुलबॅक मध्यरेषेच्या इतके जवळ येऊन उभे राहत की, बावीसपैकी बहुतेक गडी मध्यरेषेच्या दोन्ही बाजूंच्या एका अरुंद पट्ट्यात दाटीवाटीने खेळताना दिसत. उरलेले मैदान ओसाडच राही.

प्रेक्षकांना याचा किती वीट आला असेल, याची कल्पना करता येते. लांबच्या गावाहून पैसे मोजून माणसे सामना पाहायला येत आणि शिट्ट्याच ऐकून परत जात. परगावच्या मैदानांवर मॅक्रॅकनची हुर्यो उडवली जाई. प्रतिपक्षाच्या फॉरवर्डांचा तर तो सर्वांत नावडता माणूस होता. त्या काळातील एक गोष्ट अजूनही सांगतात. न्यूकॅसलशी खेळायला आलेल्या एका संघाची आगगाडी स्टेशनात शिरत होती, तोच गार्डाने शिट्टी फुंकली. डब्यातला एक खेळाडू वैतागून म्हणाला, आलो नाही तोच ऑफसाइड झालो की! गोष्ट खरी असो वा रचलेली. लोकांच्या मनातील मॅक्रॅकनचे चित्र तीत बरोबर उतरले आहे.

तेव्हा प्रश्न असा की, याला लबाडी म्हणावे काय? खेळाचा नियम म्हणतो, तिघे पाहिजेत. मॅक्रॅकन म्हणतो, मी दोघेच ठेवतो. पुढचे पंचांनी पाहावे. त्याने कोणाला पाडले नाही, कोणाला धक्का दिला नाही, पंचाला फसवले नाही. तो जे करी ते सर्वांच्या डोळ्यांदेखत करी. चेंडू कधी निघणार हे त्याला फॉरवर्डाच्या आधी कळे, हाच त्याचा अपराध. दुसऱ्या बाजूने पाहिले, तर ज्या हेतूने नियम झाला तो हेतू या खेळात पार बाजूला पडला होता, हेही तितकेच खरे होते. नियमाचे शब्द शाबूत होते. त्याचा प्राण मात्र हरवला होता. अशा वेळी दोष कोणाला द्यावा? शब्दाप्रमाणे वागणाऱ्याला, की शब्द अपुरे ठेवणाऱ्याला?

हा प्रश्न मॅक्रॅकनच्या आयुष्यात आणखी एका वेगळ्या रूपाने उभा राहिला होता आणि तेथे त्याला त्याची किंमत मोजावी लागली. इंग्लंडच्या लीगमध्ये १९०१ पासून खेळाडूच्या वेतनावर आठवड्याला चार पौंडांची कमाल मर्यादा घातलेली होती. कितीही प्रेक्षक येवोत आणि क्लबाला कितीही उत्पन्न होवो, खेळाडूला चारच पौंड. ही मर्यादा पद्धत १९६१ सालापर्यंत चालू राहिली. अशा स्थितीत आंतरराष्ट्रीय सामन्याबद्दल मिळणाऱ्या मानधनाला साहजिकच महत्त्व होते. १९०८ च्या सुमारास या मानधनावरून मॅक्रॅकन आणि आयरिश फुटबॉल असोसिएशन यांच्यात वाद झाला. आयर्लंडतर्फे खेळण्याबद्दल त्याने अधिक रक्कम मागितली. असोसिएशनने ती नाकारली आणि त्याचे संघातील स्थान गेले. दोन्ही बाजूंपैकी कोणीच माघार घेतली नाही.

असोसिएशनची मिळकत इंग्लंडच्या संस्थेएवढी नव्हती, हे खरे. देशासाठी खेळताना पैशांचा हिशेब करू नये, असे वाटणारी माणसेही तेव्हा पुष्कळ होती. परंतु ज्याच्या खेळावर लोक तिकिटे काढतात, त्याने आपल्या कष्टाचे मोल मागितले तर ती मागणी केवळ उद्धटपणाची ठरवून टाकणे न्यायाचे होत नाही. या हट्टाचा परिणाम दोघांनाही भोगावा लागला. पंचविसाव्या वर्षापासून पुढे, म्हणजे खेळाडूच्या ऐन उमेदीच्या काळात, मॅक्रॅकन आयर्लंडच्या संघाबाहेर राहिला. १९१३ साली बेलफास्टमध्ये आयर्लंडने इंग्लंडला दोन विरुद्ध एक असे प्रथमच हरवले, तेव्हा तो संघात नव्हता. १९१४ साली चार देशांची स्पर्धा आयर्लंडने पहिल्यांदाच निर्विवादपणे जिंकली, तेव्हाही तो नव्हता. ज्या आनंदाची त्याच्या शहराने एवढी वर्षे वाट पाहिली, तो त्याला दुरूनच पाहावा लागला.

त्यानंतर पहिले महायुद्ध आले आणि आंतरराष्ट्रीय सामने बंद पडले. युद्ध संपल्यावर असोसिएशनने त्याला पुन्हा बोलावले. तेव्हा त्याच्या वयाची पस्तिशी उलटून गेली होती. तरीही तो गेला आणि १९२३ सालापर्यंत, म्हणजे चाळीस वर्षांचा होईपर्यंत, आयर्लंडतर्फे खेळला. या मधल्या काळात देशाची फाळणी झाली होती. १९२१ साली डब्लिनमध्ये वेगळी फुटबॉल संघटना स्थापन झाली होती. त्याच्या पहिल्या आणि अखेरच्या आंतरराष्ट्रीय सामन्यांत एकवीस वर्षांचे अंतर आहे. पण त्या एकवीस वर्षांत खेळलेल्या सामन्यांची संख्या वीसही भरत नाही. ही एक गोष्टच त्या वादाची किंमत सांगण्यास पुरेशी आहे.

१९२३ साली तो न्यूकॅसल सोडून हल सिटी या क्लबाचा मॅनेजर झाला. तो मैदानाबाहेर गेला, पण त्याने रूढ केलेला डाव मैदानावरच राहिला. एव्हाना बहुतेक संघांनी तो उचलला होता. जे काम एक हुशार फुलबॅक करी, ते आता साधारण वकुबाचे फुलबॅकही करू लागले. १९२४-२५ च्या हंगामात इंग्लंडच्या पहिल्या डिव्हिजनमधील ४६२ सामन्यांत अवघे ११९२ गोल झाले. म्हणजे सामन्याला सरासरी अडीचच्या थोडे वर. त्या काळी हा आकडा फारच अल्प मानला गेला. १९२५ च्या फेब्रुवारीत न्यूकॅसल आणि बरी यांच्यातील सामना शून्य-शून्य असा सुटला. न्यूकॅसलचा त्या हंगामातील हा असा सहावा सामना होता. खेळाच्या चालकांना आता काही तरी करणे भाग पडले.

त्यांच्यापुढे दोन उपाय होते. एक, गोलापासून चाळीस यार्डांवर मैदानात आडवी रेषा आखावी आणि ती ओलांडल्यावरच ऑफसाइड लागू करावा, की जेणेकरून फुलबॅकांना मध्यरेषेपर्यंत येऊन सापळा लावता येऊ नये. दुसरा, तीन गड्यांच्या ऐवजी दोन गडी पुरेसे मानावेत. दोन्ही उपायांची प्रदर्शनीय सामन्यांत परीक्षा घेण्यात आली. एका अर्ध्या वेळात एक उपाय आणि दुसऱ्या अर्ध्या वेळात दुसरा. अखेर दुसरा उपाय पसंत पडला. स्कॉटलंडच्या संघटनेने तो आंतरराष्ट्रीय नियम मंडळापुढे मांडला आणि जून १९२५ मध्ये तो मंजूर झाला.

तीनाचे दोन झाल्याने काय फरक पडला, हे आता लक्षात येण्यासारखे आहे. गोलकीपर आणि एक फुलबॅक एवढे दोघे जरी पुढे असले, तरी आता फॉरवर्ड नियमात राही. त्याला सापळ्यात पकडायचे, तर दोन्ही फुलबॅकांनी एकदम पुढे यायला हवे. आणि अंदाज चुकला तर मागे उरणार एकटा गोलकीपर. जो डाव पूर्वी जवळजवळ फुकटात खेळता येई, त्याच्यासाठी आता सर्वस्व पणाला लावावे लागणार होते. डावाला बंदी झाली नाही. त्याची किंमत मात्र वाढली.

परिणाम दिसायला वेळ लागला नाही. नव्या हंगामाच्या पहिल्याच दिवशी, २९ ऑगस्ट १९२५ रोजी, ॲस्टन व्हिलाने बर्नलीवर दहा गोल चढवले. हंगामाअखेर पहिल्या डिव्हिजनमधील गोलांची संख्या ११९२ वरून १७०३ वर गेली. लीगच्या चारही डिव्हिजन मिळून पाहिले, तर आदल्या वर्षी ४७०० गोल झाले होते, ते या वर्षी ६३७३ झाले. पुढील दोन वर्षांत मिडल्सब्रोच्या जॉर्ज कॅम्सेलने एका हंगामात ५९ आणि एव्हर्टनच्या डिक्सी डीनने ६० लीग गोल केले.

बचाव करणारे अर्थातच स्वस्थ बसले नाहीत. ३ ऑक्टोबर १९२५ रोजी न्यूकॅसलने स्वतःच्या मैदानावर आर्सेनलला सात-शून्य असे हरवले. आर्सेनलचे मॅनेजर हर्बर्ट चॅपमन आणि अनुभवी खेळाडू चार्ली बुकन यांनी त्या पराभवातून धडा घेतला. मैदानाच्या मध्यभागी मोकळेपणाने खेळणाऱ्या सेंटर हाफला त्यांनी मागे आणले आणि दोन फुलबॅकांच्या मधोमध उभे केले. दोघांचे तीन बॅक झाले. नियमाने एक माणूस कमी केला होता. संघाने तो आपल्या मांडणीत परत आणून बसवला. पुढे या मांडणीतूनच चॅपमनच्या आर्सेनलने मोठे यश मिळवले आणि जगभर तिचे अनुकरण झाले.

या चॅपमनशी मॅक्रॅकनची गाठ १९३० साली पडली. त्याचा हल सिटी हा दुसऱ्या डिव्हिजनमधील संघ त्या वर्षी इंग्लिश कपाच्या उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला. आणि वाटेत त्याने हरवले ते मॅक्रॅकनच्याच जुन्या न्यूकॅसलला. उपांत्य सामन्यात आर्सेनलविरुद्ध हलने आरंभी दोन गोलांची आघाडी घेतली होती. पण आर्सेनलने बरोबरी साधली आणि दुसऱ्या सामन्यात एका गोलाने विजय मिळवून पुढे कपही जिंकला. ज्याच्यामुळे नियम बदलला तो एका बाजूला आणि त्या बदलाला ज्याने सर्वांत चांगले उत्तर शोधले तो दुसऱ्या बाजूला, असा हा सामना होता. मॅक्रॅकनच्या नशिबाचा विचित्र भाग असा की, त्याच हंगामात लीगमध्ये हलची घसरण होऊन तो तिसऱ्या डिव्हिजनमध्ये गेला.

१९३१ मध्ये हल सोडल्यावर त्याने गेट्सहेड, मिलवॉल आणि ऑल्डरशॉट या क्लबांचे काम पाहिले. ऑल्डरशॉट हे लष्करी छावणीचे गाव. दुसऱ्या महायुद्धात सैन्यात दाखल झालेले इंग्लंडचे नामवंत खेळाडू तेथे असत आणि पाहुणे म्हणून त्या लहानशा क्लबातर्फे खेळत. क्लिफ ब्रिटन, स्टॅन कलिस आणि जो मर्सर ही इंग्लंडची हाफबॅकांची त्रयी तेथे एकत्र खेळली. १९४९ साली मॅनेजरपद सोडल्यानंतरही मॅक्रॅकनने खेळाशी नाते तोडले नाही. उतारवयातही तो निरनिराळ्या क्लबांसाठी होतकरू खेळाडू हेरण्याचे काम करीत होता. २० जानेवारी १९७९ रोजी हल येथे त्याचे निधन झाले. शहाण्णवावा वाढदिवस नऊ दिवसांवर आला होता.

त्याच्या हयातीत रूढ झालेला दोन गड्यांचा नियम आजही कायम आहे. १९९० साली त्यात एवढीच सवलत मिळाली की, शेवटून दुसऱ्या प्रतिस्पर्ध्याच्या बरोबरीने उभा असलेला फॉरवर्ड ऑफसाइड होत नाही. २०१८ च्या विश्वचषकात चित्रफीत पाहून निर्णय तपासणारे पंच आले आणि २०२२ मध्ये कतार येथे गड्यांच्या हालचाली टिपणाऱ्या यंत्रांची मदत घेण्यात आली. इंचाइंचाचा हिशेब आता कॅमेरे करतात. परंतु चेंडू निघण्याच्या क्षणी चार पावले पुढे सरकायचे की नाही, हे अजूनही बचाव करणाऱ्याच्या बुद्धीनेच ठरते. सापळा मोडला नाही. तो केवळ अधिक कठीण झाला.

खेळाच्या इतिहासात असे प्रसंग पुढेही आले. गोलकीपरला वारंवार चेंडू परत देऊन वेळ काढण्याची युक्ती इतकी बोकाळली की, १९९२ साली सोबत्याने मुद्दाम पायाने दिलेला चेंडू गोलकीपरने हाताने उचलू नये, असा नियम करावा लागला. क्रिकेटच्या चाहत्यांना १९८१ मधील मेलबर्नचा सामना आठवेल. शेवटच्या चेंडूवर न्यूझीलंडला षटकार हवा असताना ऑस्ट्रेलियाच्या कर्णधाराने आपल्या भावाकडून चेंडू जमिनीवरून घरंगळत टाकवला. नियमात ते बसत होते. म्हणून नियमच बदलला गेला.

मॅक्रॅकनच्या चरित्रात अधिकारी मंडळींच्या वर्तनाचे दोन नमुने शेजारी शेजारी पाहायला मिळतात. मानधनाचा प्रश्न त्याने उभा केला, तेव्हा प्रश्न तसाच ठेवून प्रश्न विचारणाराच दूर केला गेला. त्यात आयर्लंडने आपला एक उत्तम फुलबॅक ऐन उमेदीत गमावला आणि प्रश्न काही सुटला नाही. ऑफसाइडच्या बाबतीत मात्र, प्रेक्षक कितीही संतापले तरी, कोणी मॅक्रॅकनला शिक्षा केली नाही, की त्याच्या डावाला लबाडी ठरवून बंदी घातली नाही. उणीव माणसात नसून नियमात आहे, हे चालकांनी ओळखले. दोन उपाय मैदानावर पारखून पाहिले आणि त्यांतला साधा तो स्वीकारला. त्यामुळे खेळही सुधारला आणि बुद्धीने खेळणाऱ्याचा मानही राहिला.

शाळा, कचेरी, नगरपालिका यांच्या कारभारातही नियमाच्या शब्दावर बोट ठेवणारी माणसे भेटतात आणि ती बहुधा कोणालाच आवडत नाहीत. त्यांच्यावर चिडणे सोपे असते. परंतु शब्द कोठे अपुरा पडतो, हे अशाच माणसांमुळे उघडकीस येते. नियमाने जे मना केलेले नाही, ते उघडपणे करण्याचा त्यांना अधिकार आहे. आणि त्यातून सर्वांची हानी होत असेल, तर नियम दुरुस्त करण्याचे कर्तव्य तो करणाऱ्यांचे आहे. १९२५ साली फुटबॉलच्या चालकांनी हे कर्तव्य केवळ एक आकडा बदलून पार पाडले.